वसंत गोवारीकर

डॉ. वसंत रणछोड गोवारीकर (२५ मार्च १९३३, पुणे – २ जानेवारी २०१५, पुणे) हे भारतीय रसायन अभियंते, अग्निबाणांच्या घन प्रणोदकांचे तज्ज्ञ आणि विज्ञान-प्रशासक होते. १९७९ ते १९८५ या काळात ते तिरुवनंतपुरम येथील विक्रम साराभाई अवकाश केंद्राचे संचालक होते. भारताने स्वतःच्या प्रक्षेपकाने स्वतःचा उपग्रह प्रथम कक्षेत सोडला तो १८ जुलै १९८० रोजी, त्यांच्याच कारकिर्दीत. पुढे ते केंद्र शासनाच्या विज्ञान व तंत्रज्ञान विभागाचे सचिव (१९८६–१९९१), पंतप्रधानांचे वैज्ञानिक सल्लागार (१९९१–१९९३) आणि पुणे विद्यापीठाचे कुलगुरू (१९९५–१९९८) झाले. मान्सूनच्या दीर्घ मुदतीच्या अंदाजाचे सोळा घटकांचे प्रारूप त्यांच्या नावाने ओळखले जाते.

मराठी लेखनात गोवारीकरांचा उल्लेख काही वेळा 'इस्रोचे प्रमुख' असा केला जातो. तो बरोबर नाही. भारतीय अवकाश संशोधन संस्थेचे (इस्रो) अध्यक्षपद १९७२ ते १९८४ या काळात सतीश धवन यांच्याकडे व त्यानंतर यू. आर. राव यांच्याकडे होते. गोवारीकर प्रमुख होते ते इस्रोच्या ज्या केंद्रात प्रक्षेपक घडविले जातात त्या केंद्राचे. हे केंद्र इस्रोच्या केंद्रांपैकी सर्वांत मोठे असल्याने आणि अग्निबाणाविना बाकीचा अवकाश कार्यक्रम जमिनीवरच राहिला असता म्हणून, या पदाचे वजन नावावरून वाटते त्याहून अधिक होते.

शिक्षण आणि इंग्लंडमधील वर्षे

भारतातील शिक्षण पूर्ण करून गोवारीकर उच्च शिक्षणासाठी इंग्लंडला गेले. बर्मिंगहॅम विद्यापीठात त्यांनी प्रा. एफ. एच. गार्नर यांच्या मार्गदर्शनाखाली रसायन अभियांत्रिकीत डॉक्टरेट मिळविली. घन पदार्थ आणि त्याच्याभोवतून वाहणारा द्रायू (म्हणजे द्रव किंवा वायू) यांच्यात उष्णतेचे व द्रव्याचे वहन कसे होते, हा त्यांच्या संशोधनाचा विषय होता. त्यातून मांडलेले विवेचन 'गार्नर–गोवारीकर सिद्धांत' या नावाने ओळखले जाते. विषय वरवर पाहता पुस्तकी वाटतो. परंतु जळत असलेल्या घन पृष्ठभागावरून तप्त वायू वेगाने वाहू लागला म्हणजे काय घडते, हाच अग्निबाणाच्या इंजिनातला मूळ प्रश्न असल्याने या अभ्यासाचा त्यांना पुढे उपयोग झाला.

त्यानंतर काही काळ त्यांनी हारवेल येथील ब्रिटिश अणुऊर्जा संशोधन संस्थेत काम केले आणि मग १९६७ पर्यंत समरफील्ड संशोधन केंद्रात. समरफील्ड येथे घन प्रणोदकांवर चालणाऱ्या अग्निबाणांची इंजिने विकसित केली जात. संरक्षणाशी संबंधित असल्यामुळे हे ज्ञान बाहेर सहजी मिळणारे नव्हते आणि ते प्रत्यक्ष हाताळलेले भारतीय त्या वेळी फारच थोडे होते. डॉ. विक्रम साराभाई यांनी भारतीय अवकाश कार्यक्रमासाठी परदेशांतून जी माणसे हेरून आणली, त्यांत गोवारीकर होते.

थुंबा

केरळच्या किनाऱ्यावरील थुंबा या मच्छीमारांच्या गावातून २१ नोव्हेंबर १९६३ रोजी पहिला संशोधक अग्निबाण उडाला. तो अमेरिकी बनावटीचा 'नायके-अपाची' होता. गावातील मेरी मॅग्डालेन चर्चच्या इमारतीत कार्यालय होते. गोवारीकर १९६७ मध्ये येथे रुजू झाले, तेव्हा 'रोहिणी-७५' हा ७५ मिलिमीटर व्यासाचा पहिला भारतीय अग्निबाण उडण्याच्या बेतात होता. तो त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात उडाला. त्यात कॉर्डाइट हे तोफांच्या दारूगोळ्यातील जुने प्रणोदक वापरले होते. अवकाशात उपग्रह नेण्यास कॉर्डाइट पुरेसे पडणारे नव्हते. त्यासाठी संमिश्र प्रणोदक हवे होते आणि ते देशात कोणी बनवीत नव्हते. गोवारीकरांकडे प्रणोदक अभियांत्रिकीची जबाबदारी आली ती या टप्प्यावर.

घन प्रणोदकाचे काम

वृत्तपत्रांत 'घन इंधन' हा शब्द रूढ आहे, पण तो अपुरा आहे. इंधन जळण्यास हवेतील प्राणवायू लागतो. अग्निबाण मात्र हवा विरळ होत जाते त्या उंचीवर जात असल्याने त्याला प्राणवायूचा साठाही बरोबर न्यावा लागतो. घन प्रणोदकात हे दोन्ही एकत्र बांधलेले असतात. म्हणून 'प्रणोदक' हाच शब्द योग्य ठरतो.

संमिश्र प्रणोदकाचे तीन मुख्य घटक असतात. वजनाच्या सुमारे दोन तृतीयांश भाग अमोनियम परक्लोरेट या प्राणवायू पुरविणाऱ्या क्षाराचा असतो. पंधरा ते अठरा टक्के ॲल्युमिनियमची बारीक पूड असते. ती जळताना तापमान आणि जोर वाढतो. उरलेला भाग रबरासारख्या बहुवारिकाचा असतो. हे बहुवारिक स्वतः इंधन म्हणून जळते आणि शिवाय बाकीच्या कणांना धरून ठेवते. हे सारे कणकेसारखे मळून, त्यातील हवेचे बुडबुडे निर्वात यंत्रणेने काढून, अग्निबाणाच्या कवचात ओततात आणि मंद उष्णतेवर कित्येक दिवस ठेवून घट्ट करतात. मधोमध आरपार एक पोकळी राखलेली असते. ज्वलन या पोकळीच्या भिंतींवर सुरू होऊन बाहेरच्या दिशेने सरकते, त्यामुळे पोकळीच्या आडव्या छेदाचा आकार, उदाहरणार्थ तारांकित की गोल, यावर क्षणोक्षणीचा जोर ठरतो.

द्रव प्रणोदकाचे इंजिन झडप मिटून बंद करता येते. घन प्रणोदक एकदा पेटले की संपेपर्यंत जळते. त्यात एखादी भेग राहिली किंवा ते कवचापासून सुटले, तर जळणारा पृष्ठभाग अचानक वाढतो, आतला दाब चढतो आणि कवच फुटते. ही चूक उड्डाणाच्या वेळी दुरुस्त करता येत नाही. ती ओतकामाच्या वेळीच टाळावी लागते. म्हणून या विद्येत रसायनशास्त्राइतकेच महत्त्व कारखान्यातल्या शिस्तीला असते. कणांचा आकार, मिश्रणाचे तापमान, हवेतील आर्द्रता यांपैकी काहीही हलले की पुढचा घाणा मागच्यासारखा उतरत नाही. थुंब्याची हवा तर समुद्राची. संशोधनिकेतील शंभर ग्रॅमचा नमुना आणि अनेक टनांचा एकसंध ठोकळा यांमधले अंतर रसायन अभियंत्याने ओलांडायचे असते, आणि गोवारीकरांचे प्रशिक्षण नेमके त्यासाठीचे होते.

बहुवारिकाचा प्रश्न सर्वांत बिकट होता. एसएलव्ही-३ या पहिल्या उपग्रह प्रक्षेपकाच्या सर्वांत मोठ्या, म्हणजे पहिल्या टप्प्यासाठी पीबॅन या नावाने ओळखले जाणारे पॉलिब्युटाडाईन जातीचे बहुवारिक निवडले गेले. अमेरिकेच्या अवकाशयानाच्या (स्पेस शटलच्या) दोन्ही बाजूंच्या घन इंजिनांतही याच जातीचे बहुवारिक होते. त्यापुढची पायरी एचटीपीबी या बहुवारिकाची. ते अधिक घन भार सामावून घेते आणि घट्ट झाल्यावरही लवचीक राहते, त्यामुळे भेगा पडण्याचा धोका कमी होतो. विक्रम साराभाई केंद्रात त्याची निर्मितिप्रक्रिया बसविण्यात आली आणि उत्पादन उद्योगाकडे गेले. ठाणे जिल्ह्यातील ठाणे–बेलापूर मार्गावरच्या नॉसिल (नॅशनल ऑरगॅनिक केमिकल इंडस्ट्रीज) या कंपनीचे नाव त्यामुळे भारतीय प्रणोदकांच्या इतिहासाशी जोडले गेले आहे. खनिज तेलापासून रसायने करणारा कारखाना आणि उपग्रह यांचा संबंध त्या रस्त्याने रोज ये-जा करणाऱ्यांच्या क्वचितच ध्यानात आला असेल. अमोनियम परक्लोरेटसाठी केरळात आलुवा येथे स्वतंत्र कारखाना उभारला गेला, तर मोठे ठोकळे ओतण्याचा प्रकल्प श्रीहरीकोटा येथे. अग्निबाणांच्या कवचांचे काम पुणे जिल्ह्यातील वालचंदनगर इंडस्ट्रीज आणि मुंबईची लार्सन अँड टुब्रो यांनी केले.

या स्वावलंबनाचे मोल पुढे कळले. एप्रिल १९८७ मध्ये सात औद्योगिक राष्ट्रांनी क्षेपणास्त्र तंत्रज्ञान नियंत्रण व्यवस्था स्थापन केली. तिच्या नियंत्रित वस्तूंच्या यादीत एचटीपीबी आणि अमोनियम परक्लोरेट ही दोन्ही आहेत. तोवर भारतात दोन्ही तयार होत असल्याने घन प्रणोदकांच्या बाबतीत इस्रोची अडवणूक होऊ शकली नाही. अतिशीत इंजिनांबाबत तसे घडले नाही. त्यांचे तंत्रज्ञान रशियाकडून घेण्याच्या करारावरून १९९२ मध्ये अमेरिकेने इस्रोवर दोन वर्षांचे निर्बंध घातले आणि तो कार्यक्रम बराच रखडला. ही दोन उदाहरणे शेजारी ठेवली म्हणजे १९६७ पासूनच्या कामाची किंमत वेगळी सांगावी लागत नाही.

हे काम एकट्याचे नव्हते, हेही नोंदविले पाहिजे. प्रणोदकांच्या क्षेत्रात एम. आर. कुरुप आणि इंजिनांच्या क्षेत्रात ए. ई. मुतुनायगम हे त्यांचे समकालीन सहकारी होते, आणि प्रारंभीच्या वर्षांत या गटांमध्ये चुरसही होती.

संचालकपद आणि एसएलव्ही-३

साराभाईंचे ३० डिसेंबर १९७१ रोजी निधन झाले. १९७२ मध्ये थुंबा येथील संस्था एकत्र करून त्यांच्या नावाने केंद्र स्थापन झाले. धातुशास्त्रज्ञ ब्रह्म प्रकाश त्याचे पहिले संचालक. १९७९ मध्ये त्यांच्यानंतर गोवारीकर आले. एसएलव्ही-३ चे प्रकल्प संचालक ए. पी. जे. अब्दुल कलाम होते. म्हणजे प्रकल्पाची सूत्रे कलामांकडे आणि केंद्राची गोवारीकरांकडे.

एसएलव्ही-३ हा २२ मीटर उंचीचा, सुमारे १७ टन वजनाचा, चारही टप्पे घन प्रणोदकाचे असलेला प्रक्षेपक होता. १० ऑगस्ट १९७९ रोजीचे पहिले उड्डाण फसले. दुसऱ्या टप्प्याच्या दिशानियंत्रण यंत्रणेतील झडपेतून नायट्रिक आम्ल गळून गेले होते. पुढे यानावर ताबा राहिला नाही आणि ते बंगालच्या उपसागरात कोसळले. अपयश मोठे होते, पण ते ज्वलनाचे नव्हते. वर्षभरात दोष दूर करून १८ जुलै १९८० रोजी दुसरे उड्डाण झाले आणि ३५ किलोग्रॅम वजनाचा रोहिणी उपग्रह कक्षेत स्थिरावला. स्वतःच्या बळावर उपग्रह सोडणाऱ्या मोजक्या देशांत भारताचा समावेश झाला. ३१ मे १९८१ च्या उड्डाणात उपग्रह ठरल्यापेक्षा खालच्या कक्षेत गेला व काही दिवसांतच वातावरणात परतला. १७ एप्रिल १९८३ चे उड्डाण यशस्वी झाले.

कलाम १९८२ मध्ये हैदराबादच्या संरक्षण संशोधन प्रयोगशाळेत गेले. २२ मे १९८९ रोजी चाचणी झालेल्या 'अग्नी' क्षेपणास्त्राचा पहिला टप्पा एसएलव्ही-३ च्या पहिल्या टप्प्यावरून घेतलेला होता. समरफील्डमधून नागरी कार्यक्रमात आलेली विद्या अशी पुन्हा संरक्षणाकडे गेली.

गोवारीकरांच्याच कारकिर्दीत, १९८२ मध्ये, ध्रुवीय उपग्रह प्रक्षेपकाला (पीएसएलव्ही) मंजुरी मिळाली. एसएलव्ही-३ च्या पहिल्या टप्प्यात सुमारे ९ टन प्रणोदक होते. पीएसएलव्हीच्या पहिल्या टप्प्यासाठी सव्वाशे टनांहून अधिक ठरविण्यात आले, पुढे ते १३८ टनांपर्यंत गेले. एवढा ठोकळा एका तुकड्यात ओतता येत नसल्याने २.८ मीटर व्यासाचे पाच भाग वेगवेगळे ओतून जोडले जातात. यातील बहुवारिक एचटीपीबी. ही झेप कागदावर तरी धाडसी होती. प्रत्यक्ष यश त्यांच्यानंतर आले: २० सप्टेंबर १९९३ चे पहिले उड्डाण अयशस्वी, १५ ऑक्टोबर १९९४ चे दुसरे यशस्वी. चंद्रयान-१ (२००८) आणि मंगळयान (२०१३) याच प्रक्षेपकाने गेले.

१९८५ मध्ये संचालकपदाची सूत्रे एस. सी. गुप्ता यांच्याकडे गेली. गुप्तांनंतर १९९४ मध्ये याच पदावर प्रमोद काळे हे पुण्यात जन्मलेले दुसरे मराठी तज्ज्ञ आले.

दिल्लीतील वर्षे आणि मान्सूनचे प्रारूप

१९८६ मध्ये गोवारीकर विज्ञान व तंत्रज्ञान विभागाचे सचिव झाले. भारतीय हवामानशास्त्र विभाग तेव्हा याच विभागाच्या अखत्यारीत होता. १९८७ मध्ये देशात भीषण अवर्षण पडले. हंगामाचा पाऊस सरासरीपेक्षा सुमारे १९ टक्के कमी होता. दीर्घ मुदतीचा अंदाज देण्याचे काम भारतात एकोणिसाव्या शतकात ब्लॅनफर्ड यांनी हिमालयातील बर्फावरून सुरू केले होते आणि विसाव्या शतकाच्या आरंभी गिल्बर्ट वॉकर यांनी त्याला संख्याशास्त्राचा पाया दिला होता. मात्र अंदाजाचा भरवसा मर्यादितच राहिला होता.

गोवारीकर आणि हवामान विभागातील थपलियाल व इतर सहकारी यांनी सोळा घटक निवडले. काही निरनिराळ्या प्रदेशांतील तापमानाचे, काही हवेच्या दाबाचे, काही वाऱ्यांचे आणि काही हिमाच्छादनाचे. त्यांत एल निनो, हिमालयातील व युरेशियातील बर्फ यांचा समावेश होता. प्रारूपाचे दोन भाग होते. पहिल्यात सोळांपैकी किती घटक अनुकूल आहेत हे मोजून पाऊस पुरेसा होईल की नाही एवढेच सांगायचे. दुसऱ्यात समीकरणाने टक्केवारी काढायची. मान्सूनचे भौतिकशास्त्र पूर्ण उलगडण्याची वाट न पाहता, अनेक घटकांचा एकत्रित परिणाम मोजमापांतून पकडण्याची ही रीत रसायन अभियंत्याची आहे. प्रणोदकाचे मिश्रणही बरेचसे याच रीतीने बसविले जाते.

हे प्रारूप १९८८ पासून अधिकृत अंदाजासाठी वापरात आले. त्या वर्षी पाऊस भरपूर झाला आणि प्रारूपाचा बोलबाला झाला. पुढे २००१ पर्यंत सलग हंगाम 'सामान्य' किंवा त्याहून चांगले गेले आणि अंदाजही तसेच होते. २००२ मध्ये मात्र अंदाज सरासरीच्या १०१ टक्के असताना पाऊस ८१ टक्के झाला. एकट्या जुलैत तो सरासरीच्या निम्म्याहून कमी होता. पेरण्या वाया गेल्या. २००३ पासून हवामान विभागाने सोळा घटकांचे प्रारूप मागे घेऊन आठ व दहा घटकांची नवी प्रारूपे आणली.

या प्रारूपावरील आक्षेप दोन प्रकारचे आहेत. घटक आणि पाऊस यांतील संबंध कायम राहत नाहीत. एका दशकात घट्ट दिसणारा संबंध पुढच्या दशकात विरतो. (काही घटक २००२ पूर्वीच बदलावे लागले होते.) आणि थोड्या वर्षांच्या नोंदींवर सोळा घटक बसविले की मागचे वर्ष नेमके जुळते, पुढचे जुळेलच असे नाही. शिवाय सरासरीच्या दहा टक्के अलीकडेपलीकडे पडलेला पाऊस 'सामान्य' म्हणायचा असेल, तर बहुतेक वर्षे सामान्यच ठरतात. देशाची एकच सरासरी मराठवाड्यातील शेतकऱ्याला फारसे काही सांगतही नाही. हे आक्षेप मान्य केले तरी, शेतीचे व धान्यसाठ्याचे नियोजन अंदाजावर करता येईल ही अपेक्षा शासनात रुजली ती याच प्रारूपामुळे, असे म्हणावे लागते. राष्ट्रीय मध्यम पल्ला हवामान अंदाज केंद्राची स्थापनाही १९८८ मध्ये याच विभागाने केली आणि त्यासाठी अमेरिकेहून क्रे महासंगणक आणण्यात आला.

२८ फेब्रुवारी हा राष्ट्रीय विज्ञान दिन १९८७ पासून पाळला जाऊ लागला तोही त्यांच्या सचिवपदाच्या काळात.

लोकसंख्येविषयी विचार

१९९३ मध्ये त्यांनी संपादित केलेला लोकसंख्या, विज्ञान आणि विकास यांवरील इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध झाला. भारताची लोकसंख्या शंभर कोटींच्या पुढे जाणे अटळ आहे, पण वाढीचा वेग ओसरू लागला आहे, हा त्यांचा सूर होता. लोकसंख्येच्या 'स्फोटा'ची भाषा सर्वतोमुखी असताना तो अनेकांना भाबडा वाटला. २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत देशाचा एकूण जननदर २.० आढळला, लोकसंख्या स्थिर राहण्यासाठी तो सुमारे २.१ असावा लागतो. पावसापेक्षा माणसांविषयीचे त्यांचे अनुमान अधिक टिकले.

पुणे विद्यापीठ आणि मराठी विज्ञान परिषद

१९९५ ते १९९८ या काळात गोवारीकर पुणे विद्यापीठाचे कुलगुरू होते. १९९४ ते २००० या काळात ते मराठी विज्ञान परिषदेचे अध्यक्ष होते. १९६६ मध्ये स्थापन झालेल्या या परिषदेचे मुख्यालय मुंबईत शीव–चुनाभट्टी येथे असून तिचे कार्य महाराष्ट्रभर विभागांमार्फत चालते.

ग्रंथ

सहलेखकांसह लिहिलेले 'पॉलिमर सायन्स' (१९८६) हे इंग्रजी पाठ्यपुस्तक भारतीय विद्यापीठांत दीर्घकाळ वापरात आहे. रसायनशास्त्राच्या पदव्युत्तर विद्यार्थ्यांना गोवारीकर हे नाव बहुधा याच पुस्तकाच्या मुखपृष्ठावरून माहीत असते. निवृत्तीनंतर त्यांनी कोशकार्य हाती घेतले. सुमारे साडेचार हजार नोंदींचा खतांचा इंग्रजी विश्वकोश २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याला हरितक्रांतीचे प्रणेते नॉर्मन बोरलॉग यांची प्रस्तावना आहे. त्याच पद्धतीचा कीटकनाशकांचा विश्वकोशही त्यांनी सहकाऱ्यांसह सिद्ध केला.

सन्मान व निधन

भारत सरकारने त्यांना १९८४ मध्ये पद्मश्री आणि २००८ मध्ये पद्मभूषण देऊन गौरविले. अल्पशा आजारानंतर २ जानेवारी २०१५ रोजी वयाच्या ८१ व्या वर्षी पुण्यात त्यांचे निधन झाले.